वानुआतू : जमीन विकता येत नाही, मग किनारा गेला कसा?

वैजयंती यांचा प्रश्न

प्रशांत महासागरातील नवस्वतंत्र देशांविषयी वाचत असताना वानुआतूपाशी मी अडले आहे. ब्रिटन आणि फ्रान्स यांच्या १९०६ पासूनच्या संयुक्त अमलातून हा देश ३० जुलै १९८० रोजी मुक्त झाला. सगळी जमीन रूढीने तिचे मालक असलेल्या मूळ रहिवाशांची आणि त्यांच्या वंशजांची आहे, असे त्याच्या राज्यघटनेने निःसंदिग्ध शब्दांत जाहीर केले. असे असताना राजधानी असलेल्या एफाटे बेटाच्या किनाऱ्यावर परदेशी लोकांचे बंगले आणि हॉटेले कशी उभी राहिली? शिवाय डिसेंबर २०२० मध्ये हा देश संयुक्त राष्ट्रांच्या अल्पविकसित देशांच्या यादीतून बाहेर पडला. त्यामुळे तिथल्या सामान्य कुटुंबाच्या जगण्यात काही फरक पडला का? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे.

दिगंबर यांचे उत्तर

आपल्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर भाडेपट्टा या एका शब्दात आहे. घटनेने विक्री रोखली, पण कायद्याने पंचाहत्तर वर्षांपर्यंतच्या पट्ट्याला मुभा दिली. पट्टा संपल्यावर त्या जमिनीवर झालेल्या बांधकामाची भरपाई मूळ मालकांनी द्यावी, अशी अट बहुतेक करारांत असते. एखाद्या गावाने हॉटेलाच्या किमतीएवढी रक्कम कुठून आणायची? ती देता येत नसेल, तर मुदत संपूनही जमीन परत येत नाही, म्हणजे व्यवहारात ती विकल्यासारखीच झाली.

मालक कोण, हा घोळ याहून मोठा होता. तिथे सातबाऱ्यासारखा उतारा नाही. कोणत्या कुळाची, म्हणजे घराण्याची, वहिवाट कुठपर्यंत, हे ज्येष्ठांच्या स्मरणात, वंशकथांत आणि जुन्या झाडा-दगडांच्या खुणांत असते. दोन कुळांत वाद असेल, तर तो मिटेपर्यंत मालकांच्या वतीने स्वतः सही करण्याचा अधिकार कायद्याने जमीनमंत्र्यांना दिला होता. हेतू तात्पुरत्या व्यवस्थेचा होता, परंतु वाद वर्षानुवर्षे चालत राहिले आणि मंत्र्यांच्या सहीने पट्टे दिले जात राहिले. जागतिक बँकेने २०१२ च्या सुमारास केलेल्या पाहणीत एफाटेच्या किनाऱ्याचा निम्म्याहून अधिक भाग पट्ट्यांखाली गेल्याचे आढळले होते. संपूर्ण देशाचा विचार केला तर हे प्रमाण दहा टक्क्यांच्या आत होते. त्यामुळे ‘देशाची जमीन गेली’ हे सरसकट विधान चुकीचे ठरेल. राजधानीच्या बेटावरची, त्यातही समुद्राला लागून असलेली जमीन गेली.

यातला विरोधाभास असा की स्वातंत्र्याची चळवळ जमिनीच्याच प्रश्नावर पेटली होती. सांतो बेटावर मळेवाल्यांनी आतल्या रानात गुरांसाठी कुंपणे घालायला सुरुवात केली, तेव्हा त्याविरुद्ध नाग्रियामेल ही संघटना उभी राहिली. पुढे तिच्याच जिमी स्टीव्हन्स यांनी १९८० मध्ये सांतो वेगळे काढण्याचे बंड केले आणि पंतप्रधान वॉल्टर लिनी यांना ते मोडण्यासाठी पापुआ न्यू गिनीचे सैन्य बोलवावे लागले.

मृण्मयी यांचे उत्तर

दुसऱ्या प्रश्नाविषयी लिहिते. यादीतून बाहेर पडण्याचे निकष दरडोई उत्पन्न, आरोग्य-शिक्षण आणि आर्थिक असुरक्षितता असे आहेत. त्यांपैकी दोन पूर्ण झाले तरी पुरते. वानुआतूने पहिले दोन पूर्ण केले आणि तिसऱ्यात तो देश आजही कच्चा आहे. मार्च २०१५ मधील पॅम चक्रीवादळामुळे हे बाहेर पडणे तीन वर्षे लांबले, आणि ज्या वर्षी ते झाले त्याच वर्षी एप्रिलमध्ये हॅरॉल्ड वादळाने सांतो आणि पेंटेकोस्ट बेटांना झोडपले. करोनामुळे पर्यटकही बंद झाले होते. तेव्हा खेड्यातल्या कुटुंबाला या ‘बढती’ने फार काही दिले, असे मला वाटत नाही.

त्या कुटुंबाला तारले ते त्याच्या बागेने. सुमारे तीन लाख लोकसंख्येपैकी तीन चतुर्थांश लोक खेड्यांत राहतात आणि कोनफळ, अळकुड्या, केळी घरापुरती पिकवतात. टाळेबंदीत राजधानी पोर्ट व्हिलामधील हॉटेलांतली नोकरी गेलेली अनेक माणसे आपापल्या बेटावर परतली आणि बागेत कामाला लागली. ही व्यवस्था राष्ट्रीय उत्पन्नाच्या हिशेबात नीट मोजली जात नाही, ही तिथल्या विचारवंतांची जुनी तक्रार आहे. म्हणूनच सरकारने २००७ हे ‘पारंपरिक अर्थव्यवस्थेचे वर्ष’ म्हणून पाळले. पेंटेकोस्टवर तर डुकराचे वळलेले सुळे आणि लाल रंगवलेल्या चटया ही आजही खरी संपत्ती आहे. लग्न, दर्जावाढीचे विधी आणि तंटे यांत त्यांची देवघेव होते.

तरीही रोख पैशाशिवाय भागत नाही. माध्यमिक शाळेची फी, सौरदिवा, पत्र्याचे छप्पर आणि मोबाइल या गोष्टी बागेत पिकत नाहीत. त्यासाठी लोक न्यूझीलंडमध्ये सफरचंदे तोडायला आणि द्राक्षवेलींची छाटणी करायला जातात. २००७ मध्ये सुरू झालेल्या त्या हंगामी योजनेत वानुआतूचा वाटा सुरुवातीपासून मोठा राहिला आहे. ऑस्ट्रेलियाची वाट पुढे खुली झाली. या पैशातून सिमेंटच्या विटांची घरे उभी राहतात. मात्र धडधाकट पुरुष महिनोन्‌महिने दूर असल्याने बाग, मुले आणि गावकी यांचा भार बायकांवर पडतो, आणि वादळानंतर नातांगुरा या ताडासारख्या झाडाच्या पानांचे छप्पर शाकारायला हात कमी पडतात.

अनिरुद्ध यांचे उत्तर

वरील दोन्ही उत्तरे उत्तम आहेत, परंतु रूढीकडे थोडे अधिक कठोरपणे पाहायला हवे. उत्तर पेंटेकोस्टसारख्या भागांत कुळ आईकडून चालते, मात्र जमिनीविषयी बोलण्याचा आणि सही करण्याचा मान बहुधा पुरुषांकडेच जातो. संसदेत बावन्न जागा असून २०२२ मध्ये एक स्त्री निवडून आली, तीही चौदा वर्षांच्या खंडानंतर. याउलट पोर्ट व्हिलाच्या बाजारात नारळाच्या झावळ्यांच्या टोपल्यांतून अळकुड्या आणि पालेभाजी विकणाऱ्या जवळजवळ सगळ्या बायकाच असतात, आणि कित्येक घरांची फी त्यांच्या कमाईवर भरली जाते.

शहरातल्या तरुणांचा प्रश्न वेगळा आहे. ब्लॅकसँड्ससारख्या वस्त्यांत टान्ना आणि इतर बेटांवरून आलेली कुटुंबे मूळ मालकांशी तोंडी बोलणी करून राहतात. तिथेच जन्मलेल्या मुलांना घटनेप्रमाणे जमीन आहे, पण ती आजोबांच्या बेटावर, जिथे ती कधी राहिलेली नाहीत. रूढीचा मालकी हक्क गावात माणसाला सुरक्षित ठेवतो आणि शहरात त्यालाच कायमचा पाहुणा करतो. मला तर भाडेपट्ट्यांपेक्षा हा पेच अधिक बिकट वाटतो, कारण तो घटनेतच आहे.

वैजयंती यांचा उपप्रश्न

आपणा सर्वांचे आभार. मंत्र्यांच्या सहीचा तो अधिकार अजून आहे का?

दिगंबर यांचे उत्तर

नाही. राल्फ रेगेनवानू जमीनमंत्री असताना २०१३ च्या अखेरीस कायदे बदलले गेले आणि मंत्र्यांनी स्वतःच्याच पदाचा तो अधिकार काढून टाकला, हे राजकारणात विरळाच. आता मालक ठरवण्याचे काम नाकामालात, म्हणजे गावाच्या सभागृहात, होते. तिथल्या निर्णयाच्या आशयात न्यायालय शिरत नाही, प्रक्रियेत खोट असेल तरच दाद मागता येते. पट्ट्यासाठी एकट्या मुखियाची सही चालत नाही, साऱ्या कुळाची संमती लागते. त्यामुळे काम संथ चालते आणि गुंतवणूकदार कुरकुर करतात. माझ्या मते तो संथपणाच कायद्याचा गुण आहे. अनिरुद्ध यांनी मांडलेल्या वस्त्यांच्या पेचाला मात्र या कायद्यात उत्तर नाही. जुने पट्टेही त्याने रद्द केले नाहीत. ऐंशीच्या दशकात पंचाहत्तर वर्षांसाठी दिलेल्या पट्ट्यांची मुदत या शतकाच्या मध्यानंतर संपू लागेल आणि बांधकामाच्या भरपाईचा प्रश्न तेव्हा त्या गावांसमोर उभा राहील.