सेवाज्येष्ठता: आदेश तात्पुरता, पण काम तात्पुरतं होतं का?

सिद्धेश्वर_पेठ
माझे वडील महसुलात कारकून म्हणून लागले, अव्वल कारकून झाले, मग नायब तहसीलदार. त्या पदोन्नतीचा आदेश अजून कपाटात आहे. ‘निव्वळ तात्पुरत्या स्वरूपात, सेवाज्येष्ठतेचा हक्क राहणार नाही’ या ओळीखाली त्यांनी लाल शाईने रेघ मारलीय. ही तात्पुरती नेमणूक सात वर्षं चालली. सात आषाढ्या ते पंढरपूरला पाण्याचे टँकर मोजत रात्ररात्र उभे होते. पुढे नियमित झाले, तेव्हा ज्येष्ठता यादीत त्यांच्यानंतर चार वर्षांनी रुजू झालेले सरळसेवेचे, म्हणजे थेट परीक्षेतून भरती झालेले अधिकारी वर! वडील तहसीलदार न होताच निवृत्त झाले. काम घेतलं, पगार दिला, तर ती सात वर्षं मोजलीच पाहिजेत.

सरळसेवा_सोलापूर
दादा, वडिलांच्या कष्टांबद्दल आदर आहे, पण मत पटत नाही. सरळसेवा आणि पदोन्नती यांचा कोटा ठरलेला असतो. भरती वर्षानुवर्षं रखडते आणि आमच्या वाट्याच्या जागांवर तात्पुरती माणसं बसवतात. अभ्यासिकेत वय घालवून आम्ही येतो, तर म्हणे जागा आधीच भरली! सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९० मध्येच सांगितलंय, नियम डावलून केलेली तात्पुरती सोय ज्येष्ठतेत धरायची नाही. आणि तो खटला आपल्याच राज्यातल्या अभियंत्यांचा होता.

सिद्धेश्वर_पेठ
त्याच निकालातला पुढचा मुद्दाही वाचा. पहिली नेमणूक रीतसर नसली, तरी माणूस नियमित होईपर्यंत त्या पदावर अखंड राहिला असेल, तर तो काळ धरायचा. वडील एक दिवसही मागच्या पदावर गेले नव्हते.

वकीलताई
दोघेही आपापल्या सोयीचा अर्धा निकाल वाचताय. या दोन मुद्द्यांचा मेळ सर्वोच्च न्यायालयानेच १९९३ मध्ये, पश्चिम बंगालच्या प्रकरणात घातला. जागा कोट्यातली, माणूस पात्र आणि फक्त प्रक्रियेत उणीव राहिलेली, तर सेवा धरली जाते. निव्वळ वेळ मारून नेण्यासाठी बसवलं असेल, तर नाही. त्यामुळे वडिलांची जागा कोणत्या कोट्यातली होती, हे आधी बघा. सरळसेवावाल्यांनीही ऐकावं: भरतीचं मागणीपत्र ज्या वर्षी गेलं त्या वर्षापासून ज्येष्ठता, हा २०१२ चा निकाल न्यायालयाने २०१९ मध्ये मणिपूर पोलिसांच्या प्रकरणात रद्द ठरवला. जेव्हा माणूस सेवेत आलाच नव्हता, त्या काळाची ज्येष्ठता कुणालाच नाही. ज्येष्ठतेची यादी अंतिम होण्याआधी जी तात्पुरती यादी निघते, तिच्यावर वडिलांनी हरकत घेतली होती का?

सिद्धेश्वर_पेठ
नाही. यादी आली तेव्हा ते वारीच्या बंदोबस्तात. परतले तोवर मुदत संपलेली. मॅटला, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात जायचं तर मुंबई गाठायची, सिद्धेश्वर एक्स्प्रेसने रात्रभर प्रवास, वकिलाची फी वेगळी. बहिणीचं लग्न तोंडावर होतं. राहून गेलं.

आस्थापना_शाखा
मी वीस वर्षं याद्या केल्यात. दरवर्षी १ जानेवारीच्या स्थितीची यादी वेळेवर निघाली, तर निम्मी भांडणं टेबलावरच मिटतात. चार-चार वर्षांची यादी एकदम निघते, तेव्हा रुजू दिनांक, विभागीय परीक्षा उत्तीर्ण झाल्याची तारीख, बिंदुनामावली (आरक्षणानुसार जागांचा क्रम), मानीव दिनांक (पदोन्नती ज्या तारखेपासून झाली असं धरतात ती तारीख) असं सगळं एका वेळी उकरावं लागतं. एका सेवापुस्तकात परीक्षेच्या निकालाची नोंदच नव्हती. तो माणूस अकरा जागा खाली गेला. जुन्या बांधणीत निकालपत्रक सापडायला मला तीन दिवस लागले, तेव्हा वर आला. लोक कोर्टात जातात ते यादी उशिरा निघते म्हणून.

सरळसेवा_सोलापूर
हे मान्य. आमची भरती वेळेवर झाली असती, तर काकांना तात्पुरतं बसवायची वेळच आली नसती. पण माझ्या कोट्यातली जागा मी सोडणार नाही, हेही तितकंच खरं.

सिद्धेश्वर_पेठ
सोडू नका. मी तुमची जागा मागतच नाहीये. वकीलताई, कोट्याचं आज फाईल काढून बघितलं. आदेशात ‘पदोन्नतीच्या कोट्यातील रिक्त पदावर’ असं स्पष्ट लिहिलंय, लाल रेघेच्या वरच्याच ओळीत.

वकीलताई
मग त्यांची बाजू खरी होती. इतक्या वर्षांनी यादी उघडणं मात्र अवघड आहे, न्यायालयं स्थिरावलेली ज्येष्ठता सहसा हलवत नाहीत. तरी त्या आदेशाची झेरॉक्स पाठवा, मला बघायचाय.