शेवटचा अल्बम थकलेला? मला तसं वाटत नाही

'द स्मिथ्स' या इंग्लिश रॉक बँडचा शेवटचा अल्बम, 'स्ट्रेंजवेज, हिअर वुई कम', थकलेल्या बँडचा वाटतो असं तुम्ही म्हणता. मला हे अजिबात पटत नाही. सप्टेंबर १९८७ मध्ये तो आला तेव्हा गिटारवादक जॉनी मारने बँड सोडलेला होता. म्हणजे लोकांनी पहिल्यांदा ऐकला तोच निरोप म्हणून, आणि थकव्याचा शिक्का तिथूनच बसला असं मला वाटतं. रेकॉर्डिंग मात्र वसंतातलं, फुटीच्या आधीचं.

पहिलंच गाणं घ्या. ज्या बँडची ओळख मारची गिटार, त्याच्या अल्बमची सुरुवात गिटारशिवाय होते! थकलेला माणूस सवयीचं वाजवतो हो, हातातलं वाद्य खाली ठेवत नाही. पुढे एका गाण्याआधी जवळपास दोन मिनिटं नुसता पियानो आणि गर्दीचा गलका आहे. परवा रात्री पावसात गंगापूर रोडने घरी येताना ते लागलं. सोमेश्वरच्या अलीकडे गाडी बाजूला घेतली आणि गाणं संपेपर्यंत बसून राहिलो.

इंग्लंडच्या अल्बम-विक्रीच्या यादीत तो दुसऱ्या क्रमांकावर गेला, त्यांच्या आधीच्या 'द क्वीन इज डेड' या अल्बमसारखाच. पुढे गायक मॉरिसी आणि मार, इतर बाबतीत फारसं न जमणारे दोघंही, हाच आपला सर्वोत्तम अल्बम म्हणत आले. मधली एकदोन गाणी हलकी आहेत, ते कबूल. पण पियानोचा तो भाग एकदा हेडफोन लावून, अंधारात ऐका. मग बोलू.