हौशी बॅक, पगारी फुटबॉल आणि गाब्रिएल आनोवरची चिखलफेक

डावा_बॅक:
परवा इथेच एक पोस्ट वाचली. आजच्या चॅम्पियन्स लीगच्या पैशाच्या राड्याला जबाबदार कोण, तर म्हणे गाब्रिएल आनो नावाचा एक फ्रेंच हौशी बॅक (बचाव फळीतला खेळाडू), "स्वतः फुकट खेळला आणि म्हातारपणी खेळ बाजारात बसवला". खाली टाळ्याच टाळ्या. दोन दिवस गप्प बसलो पण राहवेना, लांबेल, आधीच सांगतो.

माणूस 1889 चा, आरासचा. तूर्कुआं क्लबकडून खेळला, 1910 ला त्यांच्याबरोबर फ्रान्सचा चॅम्पियन झाला, जर्मनीत म्युन्स्टरला होता तेव्हा तिथल्या प्रॉयसन क्लबकडून खेळला. देशाकडून 12 मॅचेस, 1908 ते 1919, आणि 12 म्हणजे काय असं म्हणणाऱ्यांनी मधली युद्धाची वर्षं वजा करून बघावीत. युद्धात हा वैमानिक, जर्मनांच्या हाती लागला, कैदेतून पळाला. पुढे विमानाच्याच अपघाताने खेळणं संपलं आणि याने लेखणी धरली. पुढे लेकिप या फ्रेंच क्रीडा दैनिकातून युरोपियन कपची, म्हणजे आजच्या चॅम्पियन्स लीगची, कल्पना मांडली, म्हणून तो राग.

आता मुद्दा. याने हौशी फुटबॉल मारलं नाही हो, ते आधीच मेलं होतं, याने फक्त वास येतोय म्हणून सांगितलं. 1920 च्या दशकात फ्रान्समधले मोठे क्लब खेळाडूंना मागच्या दाराने पैसे द्यायचे, कुणाला नावापुरती नोकरी, कुणाला दुकान काढून द्यायचे, आणि कागदावर सगळे हौशी. फ्रेंच लोक याला "तपकिरी हौशीपणा" म्हणायचे. सोशोचा क्लब तर पूझो मोटारवाल्यांनी 1928 ला काढला आणि पगार देतो हे लपवलंही नाही. मग आनो लिहीत राहिला की हे ढोंग बंद करा, पगार उघड द्या. 1932 ला पगारी लीग सुरू झाली. यात विकलं काय?

खवट_काका:
ती पोस्ट माझीच. नाव घ्यायची लाज वाटली का?

तुमचा हिरो म्हणाला ढोंग बंद करा. बरं. पहिलाच सीझन, 1932-33, काय झालं? आंतीबचा क्लब आपल्या गटात पहिला आला आणि मॅच फिक्सिंगच्या संशयावरून बाद. त्यांच्या जागी कान शहराचा क्लब फायनलला गेला आणि लीलच्या क्लबकडून 4-3 हरला. म्हणजे पगार उघड झाला आणि लाच मागच्या दाराने आली, दार तेच राहिलं. आणि युरोपियन कपचं पुण्य कशाला गाता, पेपरवाल्यांना आठवड्याच्या मधे खप हवा होता, म्हणून मधल्या वारी मॅचेस. हेच ते आदर्श.

भाषाशुद्धी_पथक:
दोघांनाही एक विनंती. मूळ स्पेलिंगमधे सुरुवातीला एच आहे ना? मग "हानो" तरी लिहा. "आनो" वाचून वाटलं कुणीतरी रुपयातले आणे मोजतंय.

डावा_बॅक:
फ्रेंचमधे एच उच्चारत नाहीत.

भाषाशुद्धी_पथक:
मग पॅरिसला पारी म्हणा. रेम्सला रँस म्हणा. सोयीपुरतं फ्रेंच नको.

मीनल_ठाकुर्ली:
मी रँसच म्हणते, त्यात काय बिघडलं? आणि लंडनला लंदन म्हणणारे आमचे आजोबा अडाणी होते का?

भाषाशुद्धी_पथक:
आजोबांवर मी बोललोच नाही. लोक वाचत नाहीत आणि चिडतात.

(इथून पुढे बाविसेक प्रतिसाद बुडापेस्टच्या एका क्लबला होन्वेड म्हणायचं की हॉनवेड यावर, त्यात मधेच कोणीतरी "वडापाव की वडा-पाव" आणलं. वाचायचे असतील त्यांनी वाचा, मी सोडून देतोय. – डावा_बॅक)

रंकाळ्याचा_वारा:
डावा_बॅक, फ्रान्सपर्यंत कशाला जाता. आमच्या कोल्हापुरात या, पेठेपेठेचं फुटबॉल, सगळे तालमीचे पोरं, सगळे हौशी. आणि सीझन आला की बाहेरून खेळाडू येतात ते काय अंबाबाईचं दर्शन घ्यायला येतात? पण म्हणून कुणी म्हणत नाही की पेठ मेली. स्टेडियममधे या एकदा, मॅच हरल्यावर माझा चुलता दोन दिवस जेवत नाही, हा हौशीपणा तुमच्या आनोने मोजलाय का कुठे?

खवट_काका:
प्लस वन. हाच माझा मुद्दा.

रंकाळ्याचा_वारा:
नाही, तुमचा मुद्दा वेगळाय. तुम्ही पैसे देऊच नका म्हणताय. मी म्हणतोय द्या, पण फुटबॉल कुणाचं ते विसरू नका. माझ्या तोंडात शब्द घालू नका.

मीनल_ठाकुर्ली:
हौशी हौशी काय लावलंय सगळ्यांनी. माझे बाबा कबड्डी खेळायचे. एका ऑफिसने खेळाडू म्हणून नोकरी दिली, नाव नाही घेत. सकाळी मस्टरवर सही आणि दिवसभर मैदान. कागदावर क्लार्क, खरं काम चढाई करणं. सहा वर्षं ट्रॉफ्या आणल्या, साहेबांच्या केबिनमधे लागल्या. मग 31 व्या वर्षी गुडघा गेला आणि दुसऱ्या महिन्यात त्यांना विचारलं, तुम्हाला टायपिंग येतं का? येत कुठून असणार, सहा वर्षं कुणी शिकवलं नाही. पुढची सत्तावीस वर्षं त्याच टेबलावर, बरोबरचे सगळे वर गेले. हा तुमचा तपकिरी हौशीपणा. कॉन्ट्रॅक्ट असतं, त्यात खेळाडू असं स्पष्ट लिहिलेलं असतं, तर निदान भांडता आलं असतं. म्हणून काका, तुमची ती पोस्ट वाचून डोकं फिरलं माझं.

खवट_काका:
ताई, तुमच्या बाबांबद्दल वाईट वाटलं, मनापासून. पण कॉन्ट्रॅक्ट म्हणजे सुटका असं समजू नका. याच फ्रान्समधे पगारी खेळाडू क्लबला बांधलेला असायचा, वयाच्या 35 पर्यंत. क्लबची मर्जी असेल तर विकणार, नसेल तर बसा. 1963 ला रेमाँ कोपा, बॅलन डी'ऑर, म्हणजे सर्वोत्तम फुटबॉलपटूचा पुरस्कार, जिंकलेला माणूस, उघड म्हणाला की फुटबॉलपटू गुलाम आहेत, तर त्याच्यावरच कारवाई. ही पद्धत 1969 पर्यंत चालली. उघड पगार, उघड साखळी.

डावा_बॅक:
हे मात्र खरंय. मानतो. पण कोपाचं नाव तुम्ही घेतलंत म्हणून, 1956 ला पहिली युरोपियन कप फायनल, पॅरिसचं पार्क दे प्रँस मैदान, माद्रिद 4 रँस 3, त्यात रँसकडून कोपा होता आणि पुढच्या सीझनला माद्रिदला गेला. त्या कपाशिवाय युरोपने कोपा बघितला असता का?

आणि खप वगैरे, असेलच, पेपर धर्मादाय नव्हता. पण सुरुवात कशाने झाली ते सांगा की. डिसेंबर 1954, इंग्लंडच्या वुल्व्हरहॅम्प्टनने (वुल्व्ह्ज) बुडापेस्टच्या होन्वेडला दिव्यांच्या उजेडात, भरपूर पाणी मारलेल्या मैदानावर 3-2 हरवलं, होन्वेडकडे पुष्काश-कोचिश सगळे स्टार होते, आधी 2-0 ने पुढे होते आणि चिखलात रुतले. इंग्लिश पेपरांनी वुल्व्ह्जना जगाचे चॅम्पियन करून टाकलं. आनोने लेकिपमधे लिहिलं की थांबा, आधी मॉस्कोला, बुडापेस्टला जाऊन खेळू द्या, मिलान आणि माद्रिद पण आहेत. हा बॅकचाच स्वभाव आहे, समोरचा नाचायला लागला की पायात पाय घालायचा. 1955 च्या एप्रिलमधे क्लबवाल्यांना पॅरिसला बोलावलं, सप्टेंबरला लिस्बनमधे पहिली मॅच.

खवट_काका:
कल्पना एकट्या आनोची नव्हे. मध्य युरोपातल्या क्लबांचा मित्रोपा कप 1927 पासून होता. दक्षिण अमेरिकेत 1948 ला चिलीत चॅम्पियन क्लबांची स्पर्धा झाली, वास्को द गामा जिंकले. लेकिपमधला त्याचा सहकारी जाक फेराँ ती कल्पना तिथून घेऊन आला असं सांगायचा. पण फोटो बॅकचा.

डावा_बॅक:
फेराँला विसरलो, चूक. आता तुम्ही पण एक सांगा. 1949 ला स्पेनने फ्रान्सला घरात 5-1 धुतलं तेव्हा टीमची जबाबदारी आनोवर होती, आणि लेकिपमधे निनावी लेख आला की याने राजीनामा द्यावा. लेख लिहिला त्यानेच. दिलाही. खेळ विकणारा माणूस असं करतो?

खवट_काका:
निनावी लिहिणं म्हणजे पण ढोंगच ना. बरं बरं, हसतोय. विकला नाही म्हणा. भाड्याने दिला.

रंकाळ्याचा_वारा:
काका, ही तुमची माफी धरायची का?

खवट_काका:
अर्धी.

मीनल_ठाकुर्ली:
बाबांना आत्ता सगळा धागा वाचून दाखवला. गुडघ्याला तेल लावत ऐकत होते. म्हणाले, बॅक होता ना तो? मग भांडखोर असणारच.

भाषाशुद्धी_पथक:
ते आनो म्हणाले की हानो?