मॉस्किटो विमान खरंच लाकडाचं होतं का? पावसात टिकलं कसं?

बाल्साप्रेमी, पुणे
मी बाल्सा या अगदी हलक्या लाकडाची उडती मॉडेलं करतो. दुसऱ्या महायुद्धातलं ब्रिटिश 'मॉस्किटो' लाकडी होतं आणि त्यातही बाल्सा वापरला होता, असं वाचलं. माझ्या मॉडेलचा पंख अंगठ्याने दाबला तरी खचतो! दोन मर्लिन इंजिनं आणि बाँब वाहणारं विमान त्यातून कसं उभं राहिलं असेल? ॲल्युमिनियम मिळत नव्हतं म्हणून नाइलाजाने केलं का? आणि पावसात गोंद सुटत नव्हता? कुणी प्रत्यक्ष पाहिलं असेल तर नक्की सांगा.

गगनवेडी
ॲल्युमिनियमची ओढाताण होतीच, हे खरं. १ मार्च १९४० ला ५० विमानांची मागणी नोंदवली गेली आणि २५ नोव्हेंबरला पहिलं विमान हॅटफिल्डहून उडालंसुद्धा. चालवायला जेफ्री डी हॅविलँड धाकटे. बांधणीचं मात्र रंधाकाका सांगतील, ते तिकडेच राहतात.

रंधा, सेंट ऑल्बन्स
आलो. मी सुतार आहे. बाबांचा सावंतवाडीला छोटा कारखाना होता, इथे मी लोकांची स्वयंपाकघरं बसवतो. ज्या सॅलिसबरी हॉलच्या आवारात पहिलं मॉस्किटो गुपचूप बांधलं, तो माझ्या घरापासून जवळच आहे. तिथे आता संग्रहालय आहे आणि ते पहिलं विमान, डब्ल्यू४०५०, तिथेच उभं आहे. वर्षातून दोनतीनदा तरी मी जातो.

आधी नाइलाजाचं. मला हे पटत नाही. मॉस्किटो बांधणाऱ्या डी हॅविलँड कंपनीला लाकूड नवीन नव्हतं. १९३४ ची इंग्लंड ते मेलबर्न शर्यत त्यांच्याच लाकडी विमानाने जिंकली होती. १९३७ च्या त्यांच्या अल्बाट्रॉस प्रवासी विमानाचं धड प्लाय-बाल्सा-प्लाय असंच होतं. म्हणजे कंपनीचे मुख्य रचनाकार रोनाल्ड बिशप आणि त्यांची माणसं मॉस्किटो काढायला बसली तेव्हा हे तंत्र त्यांच्या हातात बसलेलं होतं. शिवाय धातूचे कारागीर आधीच अडकलेले, तर हाय विकम या गावचे फर्निचरवाले मोकळे. खुर्च्या-कपाटं करणारे हात सरळ विमानाला लागले. सरकारी मंडळींना बचावाच्या बंदुका हव्या होत्या, कंपनी म्हणत होती की बंदुका नकोत, दोनच माणसं आणि वेग द्या. हवाई दलातले वरिष्ठ अधिकारी विल्फ्रिड फ्रीमन पाठीशी उभे राहिले म्हणून निभावलं. १९४१ च्या चाचण्यांत ते ताशी ६३० किलोमीटरच्या आसपास गेलं! रिव्हेटांची डोकी नाहीत, अंग गुळगुळीत, त्याचाही फायदा झाला.

आता तुमचा खचणारा अंगठा. बाल्सा एकटा खचतोच, सागाच्या पाव वजनाचं लाकूड ते. पण बर्चच्या दोन पातळ प्लायच्या मध्ये तो सेंटीमीटरभर जाडीचा घातला की गणित बदलतं. वाकवायला गेलं की बाहेरची प्लाय ताणली जाते, आतली दाबली जाते, आणि बाल्सा दोघींमधलं अंतर राखून आतलीला पोक येऊ देत नाही. जिथे जोर जास्त येणार, तिथे बाल्साऐवजी स्प्रूस या जास्त मजबूत लाकडाचे तुकडे बसवायचे.

धड दोन अर्ध्या भागांत होत असे, मधोमध उभी चिरलेली शेंग असावी तसं. साच्यावर आतली प्लाय, तिच्यावर गोंद, बाल्सा, पुन्हा गोंद, बाहेरची प्लाय, आणि वरून पोलादी पट्टे आवळायचे. दोन्ही अर्धे उघडे असतानाच आत नळ्या, तारा बसवून घ्यायच्या आणि मग शेंग मिटायची. एवढ्याशा धडात शिरून काम करावं लागत नाही. वाकून कपाटात तोंड घालून काम केलेल्यालाच हे सुख कळेल! पंख मात्र टोकापासून टोकापर्यंत अखंड, साडेसोळा मीटर.

वरून मडापोलम नावाचं सुती कापड चिकटवून डोप, म्हणजे कापड घट्ट ताणणारा रोगणासारखा लेप, लावत. ते नाव आंध्रातल्या नरसापूरजवळच्या गावाचं, तिथल्या कापडावरून पडलेलं.

एक गंमत. डब्ल्यू४०५० चं मूळ धड फेब्रुवारी १९४१ मध्ये खडबडीत जमिनीवर मागचं चाक अडकून चिरलं, म्हणून दुसऱ्या विमानाचं बसवलं. आज आपण पाहतो ते धड हे दुसरं.

देशावरचा
काका, भारतात या विमानांचे पंख हवेतच सुटले होते म्हणे? वाळवीने खाल्ले का?

रंधा, सेंट ऑल्बन्स
वाळवीचा दोष नव्हता. १९४४ च्या उत्तरार्धात भारत-ब्रह्मदेश आघाडीवर काही विमानांचे पंख निकामी होऊन माणसं गेली. नोव्हेंबरात तिथली सगळी मॉस्किटो तपासणीसाठी जमिनीवर ठेवली. सुरुवातीला उष्णतेवर आणि दमट हवेवर ठपका आला. केसीन म्हणजे दुधातल्या प्रथिनाचा गोंद, तो दमटपणात कुजतो, म्हणून युरिया-फॉर्माल्डिहाइडचा कृत्रिम गोंद आधीच आणला होता. पण पंखाच्या वरच्या प्लायचा मुख्य तुळईशी जो सांधा, तिथेच फटी सापडल्या, गोंद सगळीकडे बसलेलाच नव्हता. इंग्लंडातल्या काही विमानांतही तेच निघालं. म्हणजे चूक बांधणीतली. पुढे त्या सांध्यावर लांबच लांब प्लायची पट्टी चिकटवून दुरुस्ती झाली.

हे वाचून मला बाबा आठवले. आमच्याकडे सरस दुहेरी भांड्यात उकळायचा, वास दोन घरं पलीकडे जाई. एकदा टीपॉयवर चिकटवलेला लाकडाचा पातळ थर मृगात सुटला. बाबांनी बोटाच्या पेराने टकटक करत सगळी फळी ऐकली आणि एका हातभर जागी थांबले. "हय बद आवाज येता," म्हणाले. तिथे सरस लागलाच नव्हता. माणसं उडणार होती त्या पंखावर, तिथे एवढीशी जागा कोरडी राहावी, याचं मला अजून वाईट वाटतं.

एकूण ७,७८१ मॉस्किटो बांधली गेली, कॅनडा आणि ऑस्ट्रेलिया धरून. बहुतेक भंगारात गेली. डब्ल्यू४०५० मात्र वाचलं आणि १९५९ पासून लोकांसाठी खुलं आहे.

बाल्साप्रेमी, पुणे
काका, खूप आभार. काल रात्री सहा मिलिमीटर बाल्साच्या दोन्ही बाजूंना एक मिलिमीटर प्लाय चिकटवून हातभर पट्टी केली. रात्रभर शब्दकोशांखाली दाबून ठेवली आणि सकाळी दोन स्टुलांमध्ये टाकून मधोमध वीट टांगली. नुसत्या बाल्साची पट्टी तेवढ्यात तुटली होती, ही जेमतेम वाकली! मग तुमच्या बाबांसारखी टकटक करून पाहिली. एका टोकाला चार बोटं जागेत आवाज बद येतोय. तेवढं टोक कापून पुन्हा चिकटवायला घेतलंय.