चिऱ्याच्या भिंतीत कोळी ओढून नेणारी लाल शेपटीची गांधीलमाशी: फट बुजवू का?

चिरेबंदी (फोंडा):
बलकांवाच्या (दारासमोरच्या ओसरीच्या) भिंतीवर काळी गांधीलमाशी दिसते, पोटाचं टोक लालसर. आपल्याहून मोठा कोळी उलट्या पावलांनी ओढते आणि दोन चिऱ्यांमधल्या चुना झडलेल्या फटीत शिरते. कोळी मेल्यासारखा, पण पाय मधूनच थरथरतात. ही कुंभारीणच ना? पावसाआधी फटी सिमेंटने भरायच्या आहेत, घरात लहान मुलं आहेत. आत्ताच भरल्या तर?

रानवाट:
कुंभारीण नव्हे. तिची कंबर दोऱ्यासारखी लांब असते. ती मातीच्या खोल्या बांधते आणि एकेका खोलीत बरेच बारके कोळी उडत आणून ठासते. तुमची माशी पॉम्पिलिडी, म्हणजे कोळ्यांची शिकार करणाऱ्या गांधीलमाश्यांच्या कुळातली. वर्णनावरून टॅकिपॉम्पिलस अ‍ॅनालिस वाटते. एका पिल्लाला एकच कोळी, पण मोठा. तो घेऊन उडणं जमत नाही म्हणून ही ओढाताण.

नुसती लाल शेपटी पुरावा म्हणून चालणार नाही. पंख गडद आणि उन्हात निळे-जांभळे चमकतात का बघा. पंखच नारिंगी असतील तर दुसरी जात. शिकार शोधताना ती पंख झटकत तुटक तुटक पळते.

कोळी बहुधा घरातला हेटेरोपोडा व्हेनाटोरिया. पाय खेकड्यासारखे आडवे पसरलेले, तोंडावर फिकट पट्टा. जाळं विणत नाही, रात्री झुरळं मारतो. त्याला मारू नका, उपयोगाचा आहे.

कीटकवही:
कोळी जिवंत आहे. पायांच्या मुळांजवळ, खालच्या बाजूने डंख मारून ती त्याचे मज्जातंतू बधिर करते. मेलेलं भक्ष्य आपल्या हवेत लगेच कुजलं असतं, बधिर केलेलं ताजं राहतं. मग कोळ्याच्या पोटावर एक अंडं घालून वर माती-कचरा ओढून घेते. अळी आधी कातडीला भोक पाडून रस शोषते. हृदय, मज्जातंतू यांसारखे नाजूक भाग शेवटाला ठेवते, म्हणून कोळी बराच काळ टिकतो. नंतर ती रेशमी कोश विणते. या कुळात मोठ्या कोळ्यावर बहुधा मादीचं अंडं पडतं, लहानावर नराचं. फलन झालेलं अंडं मादी होतं, न झालेलं नर.

कोळी जमिनीवर ठेवून ती बीळ बघायला जाते तेव्हा मुंग्या तो पळवतात. सेरोपेलिस नावाच्या चोरट्या माश्या तर ओढून नेत असलेल्या कोळ्याच्या श्वसनछिद्रात गुपचूप आपलं अंडं घालतात.

चिरेबंदी:
म्हणजे सिमेंट नको?

रानवाट:
ज्या फटीत ती शिरली तेवढीच खडूने खूण करून सोडा, बाकीच्या भरा. आत्ता बुजवलीत तर अळीची झालेली नवी माशी बाहेर पडू शकणार नाही. जाळी ठोकलीत तरी तेच. भरायचीच असेल तर कोळी चिमट्याने पायाला धरून अलगद काढा, पोटाला हात नको, अंडं सुटून पडतं. रुंद तोंडाच्या बरणीत कोरडी, चाळलेली माती दोन बोटं घाला, कोळी उताणा ठेवा, तोंडाला मलमलीचं फडकं बांधा. बरणी पाणी घातलेल्या ताटलीत ठेवा, नाहीतर रात्रीत मुंग्या लागतील. माती ओली केलीत की बुरशी येते. पावसाळ्यात नुकसान बहुतेक तिनेच होतं. झुरळांचा फवारा त्या खोलीत मारू नका.

मुलांचं म्हणाल तर ही माशी एकटी राहते, पोळं नसतं, त्यामुळे राखणीसाठी अंगावर येत नाही. मात्र मुठीत पकडलीत किंवा पायाखाली दाबलीत तर मादी डंख मारते, आणि चांगलाच दुखतो. नराला नांगी नसते.

कीटकवही:
फोटो टाकाल तर तीन हवेत: वरून पंख मिटलेले, बाजूने मागच्या पायांवरचे काटे दिसतील असा, आणि कोळ्याचा चेहरा समोरून. फ्लॅश तिरका धरा, पंखावर सरळ पडला तर झाक पांढुरकी दिसते आणि ओळख फसते.