मदत हवी आहे: स्विफ्टची मागची टेल लाईट बाहेर येत नाहीये

मंडळी, गाडी २०१३ची स्विफ्ट आहे, पार्किंगमध्ये कोणीतरी बाईक घासून गेलं आणि उजव्या बाजूच्या टेल लाईटची काच फुटली. पावसाळा तोंडावर आहे, आत पाणी गेलं तर होल्डर गंजणार म्हणून अख्खी नवीन असेंब्लीच आणून ठेवलीये. गॅरेजवाला लावून द्यायचे जे पैसे सांगतोय ते ऐकून म्हटलं घरीच करू.

डिकी उघडून कडेचे दोन्ही स्क्रू काढलेत. आतल्या बाजूने लाईट सुटलीये, हलतेय पण, बाहेरच्या बाजूला मात्र घट्ट बसलीये, तिथे आतून प्लास्टिकच्या पिना असणार ज्या बॉडीतल्या रबरी बुशात अडकतात. आता ती सरळ मागे ओढायची की आधी बाजूला वळवायची? स्क्रू ड्रायव्हर घालून उचकटायला जीव होत नाही, पत्र्याचा रंग उडाला तर लाईटपेक्षा डेंटिंग-पेंटिंग महाग पडायचं. कडेला मास्किंग टेप लावून प्लास्टिकची पट्टी घातली तर चालेल का? डब्ल्यूडी-४० (अडकलेले भाग सैल करायचा स्प्रे) मारू का बुशावर?

दुसरं म्हणजे जुने बल्ब चालू आहेत तर होल्डरसकट तेच नव्या लाईटमध्ये बसवणारे. ब्रेकचा बल्ब दोन फिलामेंटचा, २१/५ वॅटचा आहे ना, मग वायरिंगचा सॉकेट काढायच्या आधी बॅटरीची निगेटिव्ह काढायलाच हवी का, की लाईट-इग्निशन बंद असलं की पुरे?

कोणी स्वतः काढली असेल तर प्लीज सांगा, फोटो असला तर फारच बरं. रविवारी सकाळी करायला घेतोय.