तांब्याच्या खाणीचा अहवाल: 'आम्लपाण्याचा धोका नगण्य' हे कसं पडताळायचं?

प्रश्न
प्रस्तावित उघड्या तांबे-खाणीच्या अहवालात खनिज-दगडात तांबं ०.५ टक्के आणि टाकाऊ खडकात सरासरी १.२ टक्के गंधक दाखवलंय. पुढे एका ओळीत 'आम्लपाण्याचा धोका नगण्य'. कोणते आकडे मागावेत?

भूरसायन
खडकातल्या पायराइटला (लोह आणि गंधकाचं खनिज) हवा-पाणी लागलं की गंधकाम्ल तयार होतं. गंधकाच्या टक्क्याला ३१.२५ ने गुणा. १.२ टक्के म्हणजे टनामागे ३७.५ किलो चुनखडी खाईल इतकं आम्ल. खडकाची स्वतःची आम्ल मारण्याची क्षमता याच्या दुप्पट तरी हवी. ती आम्लाच्या बरोबरीच्याही खाली गेली तर आम्ल होणार असंच धरा.

पण सरासरीवर अजिबात विसंबू नका. ४ टक्के गंधकाचा एक थर ढिगाच्या एका कोपऱ्यात पडला, तर चुनखडी दुसऱ्या टोकाला असून उपयोग शून्य. थरवार नमुने मागा.

आर्द्रता-कोष चाचणीचे आठवड्यावार आकडेही मागा: एक किलो चुरा, तीन दिवस कोरडी हवा, तीन दिवस दमट, सातव्या दिवशी धुवायचं, असं किमान २० आठवडे. पीएच ७ (ना आम्ल, ना अल्कली) दिसला म्हणून सुटलो असं नाही. सल्फेट निघतंय म्हणजे आत आम्ल होतंय आणि चुनखडी झिजतेय. ती संपली की पीएच कोसळतो, कधी कधी खाण बंद झाल्यावर.

बांधकाम आणि भूतंत्र
टेलिंग्जचंही, म्हणजे तांबं काढून उरलेल्या दळलेल्या दगडाच्या गाळाचंही, विचारा. ०.५ टक्के म्हणजे टनभर तांब्यामागे २०० टन दगड दळायचा आणि जवळजवळ सगळा ओला गाळ म्हणून साठवायचा. तो अडवणारा बांध आतल्या बाजूला, गाळावरच उंच करत नेणार असतील तर ठाम हरकत घ्या. ब्राझीलमधले २०१५ मध्ये फुटलेला फुंडाओ आणि २०१९ मध्ये फुटलेला ब्रुमाडिन्यो, दोन्ही बांध तसेच होते. ब्रुमाडिन्योत गाळ टाकणं २०१६ मध्येच थांबलं होतं, तरी बांध फुटला. कामगारांचं कँटीन बांधाच्या खालच्या अंगाला होतं. २७० माणसं गेली. तेव्हा गाळ कुठवर वाहील त्याचा नकाशा मागा आणि त्यात घरं, शाळा, कँटीन शोधा.

भूजल
खोदाईआधी वर्षभर, सगळ्या ऋतूंत, विहिरींची पातळी, पीएच, सल्फेट आणि धातू नोंदवून घ्या, नमुन्याचा अर्धा भाग गावाकडे. नाहीतर पुढे 'पाणी आधीपासूनच असं होतं' म्हणतात आणि खोडायला हातात कागद नसतो. खाण कोरडी ठेवायला उपसा करतात, तेव्हा विहिरी आधी आटतात, बिघडतात नंतर.

खाण बंद झाल्यावर आम्ल मारायला पाण्याला चुना कोण घालणार, निघालेला गाळ कुठे ठेवणार, किती वर्षं? त्याची अनामत रक्कम परवान्याआधीच भरून घ्या.